स्त्रीवेश, सातवाहनकालीन : जुन्नर-आंबेगाव परिसर आणि ग्रीक-रोमन जग

इ. स. पू. दुसऱ्या शतकापासून इ. स. तिसऱ्या शतकापर्यंत पश्चिम दख्खनमधील स्त्रिया जी बाह्य व अंतर्वस्त्रे वापरीत, त्यांची समकालीन ग्रीक व रोमन स्त्रियांच्या वस्त्रांशी तुलना करण्यास पुणे जिल्ह्यातील जुन्नर व आंबेगाव हे तालुके विशेष उपयुक्त ठरतात. पैठण-कल्याण व्यापारी मार्गावरील मोठे ठाणे म्हणून जुन्नर सातवाहनकाळात भरभराटीस आले. शिवनेरी, लेण्याद्री, मानमोडी व तुळजा या डोंगरांत कोरलेल्या लेण्यांची संख्या पश्चिम भारतातील कोणत्याही एका ठिकाणच्या लेण्यांहून अधिक आहे. या लेण्यांतील दात्यांमध्ये यवन आहेत, भिक्षुणींच्या उपाश्रयाचा उल्लेख आहे आणि जवळच्या नाणेघाटात एका राणीची नामांकित प्रतिमा होती. वेशभूषेच्या इतिहासाला लागणारी इतकी निरनिराळी साधने एका परिसरात क्वचितच एकत्र सापडतात. प्रत्यक्ष कापड मात्र येथे उरलेले नाही. दख्खनच्या पावसाळी हवेत सुती वस्त्र दोन हजार वर्षे टिकत नाही.

याला एक छोटा पण मोलाचा अपवाद आंबेगाव तालुक्यात आहे आणि तो सातवाहनांहून हजार वर्षांनी जुना आहे. घोड नदीच्या काठी चांडोली येथे शां. भा. देव व झै. दा. अन्सारी यांनी १९६०-६१ मध्ये केलेल्या उत्खननात जोर्वे संस्कृतीची ताम्रपाषाणयुगीन वस्ती उजेडात आली. तेथील तांब्याच्या मण्यांच्या माळेत ओवलेल्या धाग्याचा अवशेष शिल्लक राहिला होता. तांब्याच्या क्षारांमुळे तो कुजला नाही. तपासणीअंती तो जवसाच्या झाडापासून काढलेला, म्हणजे क्षौमाचा, धागा असल्याचे दिसून आले. नेवासे येथे अशाच मण्यांतील धाग्यात रेशीम व कापूस आढळला. सूतकताईची परंपरा या खोऱ्यांत किती जुनी आहे, याचा हा भौतिक पुरावा होय.

ग्रीक व रोमन वस्त्रांची माहिती त्या मानाने विपुल आहे. ग्रीक स्त्रीचा प्राचीन पोशाख म्हणजे ‘पेप्लॉस’. हे एक मोठे चौकोनी लोकरी वस्त्र असून ते अंगाभोवती दुमडून दोन्ही खांद्यांवर धातूच्या आकड्यांनी अडकवीत. पुढे तागाच्या वा क्षौमाच्या पातळ कापडाचा ‘किटॉन’ आला व त्यावर ‘हिमॅटिऑन’ नावाची शाल घेण्याची पद्धत पडली. रोमन विवाहित स्त्री अंगरख्यासारख्या ‘ट्युनिका’वर ‘स्टोला’ हा पायघोळ झगा घाली आणि बाहेर पडताना ‘पाल्ला’ पांघरी. स्टोला हे प्रतिष्ठित कुलस्त्रीचे चिन्ह होते. पुरुषांचा ‘टोगा’ स्त्रीच्या अंगावर दिसला, तर ती वेश्या वा व्यभिचारिणी समजली जाई. या सर्व वस्त्रांचा भार खांद्यावर असतो, ही त्यांची रचनेतील मुख्य गोष्ट होय. भारतीय वस्त्राचा भार याउलट कमरेवर असतो. ‘अंतरीय’ कमरेला गुंडाळून त्याची गाठ, म्हणजे ‘नीवी’, मारली जाई. ‘उत्तरीय’ नुसते अंगावरून घेतलेले असे, ते कशालाही अडकविलेले नसे. दोन्ही वेश न शिवलेल्या कापडाचे असल्याने ते एकाच जातीचे आहेत असे वरवर पाहणाऱ्यास वाटते. तथापि भार कोठे पडतो हे ध्यानात घेतले, तर दोहोंत आतून घालावयाची वस्त्रे वेगळी का झाली, याचा उलगडा होतो.

खांद्यावरून सैल लोंबणाऱ्या वस्त्राच्या आत छाती आवळून धरण्यासाठी ग्रीक स्त्रिया कापडाची पट्टी बांधीत. तिला ‘स्ट्रोफिऑन’ वा ‘अपोडेस्मॉस’ म्हणत. ॲरिस्टोफेनीसच्या इ. स. पू. ४११ मध्ये सादर झालेल्या लिसिस्ट्रटी या नाटकात या पट्टीचा उल्लेख विनोदाने येतो. प्रेक्षकांना ती परिचित असल्याखेरीज हा विनोद साधला नसता. रोमन लोकांनी हाच शब्द ‘स्ट्रोफियम’ असा घेतला. ‘माम्मिल्लारे’ व ‘फास्किया’ अशी याच पट्टीच्या प्रकारांची आणखी नावे लॅटिनमध्ये आढळतात. मार्शल या कवीने आपल्या भेटवस्तूंवरील उपहासपर ओळींत माम्मिल्लारेचीही थट्टा केली आहे. कमरेखालच्या अंतर्वस्त्रास रोमन ‘सुब्लिगाकुलुम’ म्हणत. नट, मल्ल व कसरतपटू ते विशेषेकरून वापरीत. लंडन येथे क्वीन स्ट्रीटवरील एका रोमनकालीन विहिरीत १९५३ मध्ये इ. स. पहिल्या शतकातील चामड्याची अशी एक छोटी चड्डी मिळाली. दोन्ही बाजूंना नाडीने बांधावयाची ही चड्डी एखाद्या तरुण नर्तकीची वा कसरत करणाऱ्या मुलीची असावी, असा तर्क आहे. सिसिलीतील प्याझा आर्मेरीना येथील प्रासादात इ. स. चौथ्या शतकातील कुट्टिमचित्रात दहा तरुणी खेळताना दाखविल्या आहेत. त्यांच्या अंगावर छातीची पट्टी व लहान कटिवस्त्र एवढेच आहे. या चित्राची फार प्रसिद्धी झाल्यामुळे रोमन स्त्रिया नेहमीच असा वेश करीत, असा समज पसरला. परंतु हा व्यायामाचा वेश आहे. चित्रातील स्त्री व रस्त्यावरील स्त्री यांत फरक करण्याचे पथ्य दख्खनच्या शिल्पांबाबतही पाळावे लागते.

या परिसराच्या जवळची कार्ले येथील मिथुनशिल्पे पाहिली, तर स्त्रियांच्या कमरेला अतिशय तलम अंतरीय, त्यावर अनेकपदरी मेखला, हातांत बांगड्यांचे थर व पायांत जड वाळे दिसतात. छाती मात्र उघडी असते. त्यावरून प्राचीन महाराष्ट्रातील स्त्रिया कमरेवर वस्त्र वापरीतच नसत, असे विधान जुन्या ग्रंथांतून वारंवार केलेले आढळते. काहींनी त्यापुढे जाऊन चोळी वा कोणतेही शिवलेले वस्त्र परक्यांकडून, प्रथम यवन-शकांकडून व नंतर मुसलमानांकडून आले, असेही मांडले. हा निष्कर्ष घाईचा आहे. शिल्पकाराने अंतरीयही जवळजवळ पारदर्शकच कोरले आहे. त्याचा काठ, दोन पायांमधील निऱ्यांचा झुबका व घोट्याजवळची रेषा एवढ्यावरूनच ते ओळखावे लागते. याच संकेताने कोरलेले तलम उत्तरीय दगडात दिसणार नाही. शिवाय ही शिल्पे यक्षी, देवता व मांगल्यसूचक दंपती यांची आहेत. त्यांतील देह समृद्धीचे प्रतीक म्हणून दाखविला आहे. पॉम्पेई येथे १९३८ मध्ये सापडलेली भारतीय हस्तिदंती स्त्रीमूर्ती हे याचेच उदाहरण होय. इ. स. ७९ मधील व्हीस्यूव्हिअसच्या उद्रेकात ती राखेखाली गाडली गेली. अंगावर मेखला व अलंकार यांखेरीज जवळजवळ काही नसलेली अशीच हस्तिदंती मूर्ती तेर (जि. धाराशिव) येथे मिळाली असून भोकरदन (जि. जालना) येथील उत्खननातही तिच्या धर्तीची मूर्ती आढळली. या मूर्तींवरून दख्खनच्या स्त्रियांचा नित्याचा वेश ठरविणे म्हणजे ग्रीक शिल्पांतील विवस्त्र ॲफ्रोडाइटीवरून अथेन्सच्या गृहिणींचा वेश ठरविण्यासारखे आहे.

वाङ्‌मयीन पुरावा या बाबतीत अधिक बोलका आहे. सातवाहन नृपती हाल याच्या नावावर असलेल्या गाहा सत्तसई या माहाराष्ट्री प्राकृतातील गाथासंग्रहात ‘कंचुअ’ म्हणजे कंचुकी या वस्त्राचे आणि कुसुंब्याने रंगविलेल्या कापडाचे उल्लेख येतात. त्यांतील स्त्रिया राजवाड्यातील नसून बहुतांशी खेड्यातील शेतकरी कुटुंबांतील आहेत, हे महत्त्वाचे. गाथांचे संकलन पुढेही वाढत गेल्याने प्रत्येक गाथेचा काळ सातवाहनांचा धरता येत नाही. तरीही दख्खनच्या ग्रामीण जीवनात छातीवरील वस्त्र अपरिचित नव्हते, एवढे त्यांवरून म्हणता येते. संस्कृत कोशवाङ्‌मयात ‘चोल’ व ‘कूर्पासक’ हे शब्द स्त्रियांच्या छातीवरील वस्त्रासाठी दिले असून, ‘अर्धोरुक’ वा ‘चंडातक’ हे मांड्यांच्या अर्ध्यापर्यंत येणारे आखूड वस्त्र सांगितले आहे. पैकी चंडातक शब्द शतपथ ब्राह्मणाइतका जुना आहे. यवनांचा दख्खनशी संबंध येण्यापूर्वीच स्त्रियांच्या आखूड आतल्या वस्त्राला येथे स्वतंत्र नाव होते, असा त्याचा अर्थ होतो.

सर्वांत नेमका पुरावा मात्र काव्यात वा कोशात नसून भिक्षुणींच्या आचारनियमांत आहे. जुन्नरच्या एका लेखात धम्मुत्तरीय पंथाच्या भिक्षुणींच्या नगरातील उपाश्रयाचा उल्लेख येतो. म्हणजे जुन्नरला डोंगरातील विहारांबरोबर भर वस्तीत राहणारा भिक्षुणीसंघही होता. या पंथाचा स्वतःचा विनय आज उपलब्ध नाही. परंतु पाली विनयपिटकात भिक्षुणींच्या वस्त्रांचे नियम तपशीलवार दिले आहेत. भिक्षूंना तीन चीवरे, तर भिक्षुणींना पाच वस्त्रे सांगितली आहेत : संघाटी, उत्तरासंग व अंतरवासक यांखेरीज ‘संकच्छिका’ व ‘उदकसाटिका’. संकच्छिका हे छातीचे वस्त्र. गळ्याच्या हाडाखालपासून बेंबीच्या वरपर्यंतचा भाग झाकण्यासाठी ते आहे, असे त्याचे मापही नियमातच दिले आहे. ते न घालता गावात जाणे हा भिक्षुणीचा दोष मानला आहे. वावटळीने एका भिक्षुणीचे वरचे वस्त्र उडाले व लोकांनी तिची टर उडविली, ही या नियमामागची कथा. उदकसाटिका हे स्नानाचे वस्त्र. त्याची लांबी चार व रुंदी दोन सुगतवीत असावी, असा दंडक आहे. मासिक पाळीच्या दिवसांत वापरावयाच्या कापडाची, ते कमरेला बांधण्याच्या दोरीची व कासोट्यासारख्या वस्त्राचीही सोय विनयात केलेली आहे. स्त्रियांच्या जीवनातील ही अत्यंत साधी गरज प्राचीन ग्रंथकारांनी सहसा उल्लेखिलेली नाही. त्यामुळे विनयाच्या या रूक्ष कलमांचे ऐतिहासिक मोल फार मोठे आहे.

याच विनयात आणखी एक निषेध आहे. भिक्षुणींनी लांब कमरबंद गुंडाळू नयेत, तसेच बांबूच्या पट्ट्या, चामड्याच्या पट्ट्या, कापडाच्या पट्ट्या वा वेण्या वापरून अंगाला आकार देऊ नये, अशी आज्ञा आहे. मूळ पाली शब्दाचा अर्थ कोणी बरगड्या आवळणे असा, तर कोणी वस्त्राला घड्या पाडणे असा घेतात. अर्थ कोणताही घेतला, तरी संसारी स्त्रियांप्रमाणे भिक्षुणी नटतात, ही लोकांची तक्रार या नियमाच्या मुळाशी आहे. म्हणजे संसारी स्त्रिया असे पट्टे वापरीत होत्या. छाती व कटी बांधण्याची रोमन पट्टी आणि हे भारतीय पट्टे यांत उसनवारीचा संबंध शोधण्याची गरज नाही. गुंडाळण्याच्या वस्त्राबरोबर बांधण्याची पट्टी येतेच. योगायोगाने जुन्नरच्या लेखांत वंसकार म्हणजे बांबूचे काम करणाऱ्यांची श्रेणी आढळते. तिच्या मालात अशा पट्ट्या असत की नाही, हे अर्थात लेखात सांगितलेले नाही.

जुन्नरच्या लेखांत तीन यवन दात्यांची नावे येतात. इरिल याने पाण्याची दोन टाकी, चिट याने भोजनमंडप आणि चंद याने मानमोडीच्या भूतलिंग गटातील चैत्यगृहाचे गर्भद्वार दिले. पैकी पहिले दोघे स्वतःस ‘गत’ असे म्हणवितात. या शब्दाचा संबंध गॉथ लोकांशी जोडण्याचा प्रयत्न झाला होता. परंतु तो मान्य झाला नाही. हे लोक जन्माने ग्रीक होते, की पिढ्यान्‌पिढ्या येथे राहिलेले यवन वंशाचे व्यापारी होते, यावर मतभेद आहेत. कार्ले येथील काही स्तंभही धेनुकाकटाच्या यवनांनी दिलेले आहेत. चंदाच्या दानाचा विचार येथे अधिक करावयास हवा. त्या चैत्यगृहाच्या दर्शनी कमानीत कमळाच्या पाकळ्यांत मधोमध गजलक्ष्मी, बाजूंस हत्ती व उपासक स्त्री-पुरुष कोरले आहेत. यवनाच्या द्रव्याने घडलेल्या या दर्शनी भागातील स्त्रियांच्या वेशात किटॉनचा वा हिमॅटिऑनचा मागमूस नाही. मथुरेच्या कुषाणकालीन शिल्पांत किंवा गांधार शैलीत परकी धर्तीची पायघोळ व बाह्यांची वस्त्रे स्त्रियांच्या अंगावर दिसतात; जुन्नरच्या यवनांनी मात्र येथील देवता येथल्याच वेशात कोरविली. दख्खनच्या स्त्रीवेशावर ग्रीक छाप पडल्याचे मत मांडणाऱ्यांना या शिल्पाचे स्पष्टीकरण द्यावे लागेल.

वस्त्रांचा प्रवास खरे तर उलट दिशेने अधिक झाला. इ. स. पहिल्या शतकाच्या मध्यास लिहिलेल्या पेरिप्लस या ग्रीक प्रवासग्रंथात पैठण व तगर (तेर) या पेठांची माहिती आहे. पैठण भडोचपासून वीस दिवसांच्या वाटेवर व तगर त्याच्या पूर्वेस दहा दिवसांच्या वाटेवर असल्याचे त्यात म्हटले आहे. तगराहून साधे कापड मोठ्या प्रमाणावर व नाना प्रकारची मलमल गाड्यांतून भडोचला जाई. त्याच ग्रंथात भडोचला उतरणाऱ्या रोमन मालाच्या यादीत एक हात, म्हणजे सु. ४५ सेंमी., रुंदीचे रंगीबेरंगी कमरपट्टे आहेत आणि राजासाठी आणावयाच्या वस्तूंत उंची तलम वस्त्रे व अंतःपुरासाठी सुंदर तरुणी आहेत. कापडाची रेलचेल असलेल्या देशात परदेशी कमरपट्ट्यांना गिऱ्हाईक होते, ही लक्षात घेण्याजोगी गोष्ट होय. ज्या वेशाचा सारा भार व सारी शोभा कमरेवर होती, त्यास पट्टा हीच परक्याकडून घेण्यासारखी वस्तू होती. कल्याण बंदराविषयी हा ग्रंथकार सांगतो, की थोरल्या ‘सारागॅनस’च्या काळी तेथे रीतसर व्यापार चाले, परंतु पुढे ‘सॅन्डनीस’च्या अमलात त्यास अडथळा आला व तेथे चुकून लागलेली ग्रीक जहाजे पहाऱ्यात भडोचला नेली जात. या अडवणुकीची झळ नाणेघाटमार्गे जुन्नरलाही लागली असली पाहिजे. कल्याण-जुन्नर संबंध किती निकटचा होता, हे लेण्याद्रीच्या चैत्यगृहावरून दिसते. ते कल्याणच्या हेरणिकाचा पुत्र सुलसदत याचे दान आहे.

रोममध्ये या तलम कापडाचे स्वागत झाले, तसा निषेधही झाला. भारताशी चालणाऱ्या व्यापारात साम्राज्यातून दरवर्षी पाच कोटी सेस्टर्स बाहेर जातात, असे थोरल्या प्लिनीने लिहिले आहे. सेनेकाने अंग न झाकणाऱ्या रेशमी वस्त्रांवर कडक टीका केली. स्टोलाच्या आत छाती बांधणाऱ्या समाजात पारदर्शक कापड हा नीतीचा प्रश्न बनला. दख्खनच्या शिल्पकाराला तेच कापड समृद्धीचे चिन्ह वाटले. तांबड्या समुद्रावरील बेरेनिके या ईजिप्तमधील बंदराच्या उत्खननात भारतीय सुती कापडाचे, त्यांत मेण वा तत्सम लेप लावून रंगविलेल्या छापील कापडाचेही, तुकडे कोरड्या वाळूत टिकून राहिले आहेत. येथल्या मातीत नाहीसे झालेले कापड त्याच्या गिऱ्हाइकाच्या देशात पाहावयास मिळते.

स्त्रीवेशाच्या दृष्टीने या परिसरातील सर्वांत मोठी हानी नाणेघाटात झाली आहे. जुन्नरच्या पश्चिमेस घाटमाथ्यावरील लेण्यात पहिला सातकर्णी याची राणी नागनिका (नायनिका) हिचा दीर्घ ब्राह्मी लेख असून, मागील भिंतीवर सिमुक सातवाहन, देवी नायनिका व राजा श्रीसातकर्णी, महारठी, राजकुमार यांच्या प्रतिमा नावांसह कोरलेल्या होत्या. १८२८ मध्ये कर्नल साइक्स याने या लेण्याकडे विद्वानांचे लक्ष वेधले. त्या प्रतिमांची आता केवळ पावले व वरची नावे उरली आहेत. महाराष्ट्रातील एका ऐतिहासिक स्त्रीचे, यक्षी वा देवता नसलेल्या राणीचे, वस्त्र कसे दाखविले होते, हे सांगणारे हे सर्वांत जुने शिल्प ठरले असते. लेखात यज्ञांच्या दक्षिणेत गाई, घोडे, हत्ती व कार्षापणे यांच्या जोडीने वस्त्रांचाही निर्देश आहे. राणीचे वर्णन महिनामहिना उपवास करणारी, घरी राहून तापसीचे जीवन जगणारी व ब्रह्मचर्य पाळणारी असे केले आहे. हे वर्णन आणि मेखलांनी लगडलेली शिल्पांतील स्त्री यांत जे अंतर आहे, ते लक्षात घेतले म्हणजे एकाच काळात एकाच समाजात स्त्रीचे अनेक वेश नांदत असावेत, हे मान्य करावे लागते.

सातवाहनोत्तर काळात शिवलेल्या चोळीचा पुरावा वाढत जातो. अजिंठ्याच्या पाचव्या शतकातील चित्रांत राण्यांची छाती बहुधा उघडी किंवा तलम वस्त्राची, तर दासी व नर्तकी यांच्या अंगात बाह्यांच्या चोळ्या व अंगरखे दिसतात; पहिल्या लेण्यातील महाजनक जातकाच्या चित्रातील नर्तकी लांब बाह्यांचे शिवलेले वस्त्र ल्याली आहे. उच्चकुलीन स्त्रीने कमी व सेविकेने अधिक वस्त्रे ल्यावीत, ही रीत रोमन रीतीच्या अगदी उलट होय.

जुन्नर व आंबेगाव तालुक्यांच्या पश्चिमेकडील डोंगराळ भागात, भीमाशंकर ते नाणेघाट या पट्ट्यात, महादेव कोळी समाजातील वयस्क स्त्रियांचा वेश कासोटा घालून नेसलेले लुगडे, पुढे गाठ मारावयाची चोळी व अंगावरून घ्यावयाची ‘फडकी’ असा होता. नव्या पिढीत तो सण-समारंभांपुरता उरला आहे. चोळीचे नाव जुन्या ‘चोल’ या शब्दाशी जोडले जाते. परंतु ती प्राचीन पट्ट्याचीच थेट वंशज होय, असे म्हणण्यास मधल्या शतकांचा पुरावा अपुरा पडतो. रचनेतील साम्य मात्र उघड आहे. तिला बटण वा आकडा लागत नाही. खणाचे भाग जोडून शिवलेल्या या चोळीचा सगळा ताण छातीखालच्या एका गाठीवर असतो व लुगड्याचा कमरेवर. फडकीही कशाला टाचलेली नसते. ती नुसती डोक्यावरून वा पाठीवरून घेऊन हवी तेव्हा काढून ओझे बांधण्यासही वापरता येते.